‘एंटर द ड्रॅगन’चा हान आणि त्याआधीची तेहतीस वर्षं: सेक किनविषयी वारंवार विचारले जाणारे प्रश्न

ब्रूस लीच्या ‘एंटर द ड्रॅगन’वर गप्पा सुरू झाल्या की तासाभराने कुणीतरी हमखास विचारतं, ‘तो पंजेवाला म्हातारा कोण होता रे?’ तो सेक किन, आणि त्याने साकारलेला खलनायक म्हणजे हान; उत्तर असं दोन वाक्यांत देता येतं. पण दोन वाक्यांवर थांबलं तर त्या म्हाताऱ्यावर अन्याय होतो, कारण हान ही त्याच्या कारकिर्दीतली सर्वांत प्रसिद्ध भूमिका असली तरी माझ्या मते सर्वांत चांगली नाही. त्याचं खरं काम त्याआधीच्या कृष्णधवल कँटोनीज (म्हणजे हाँगकाँग आणि दक्षिण चीनमधल्या चिनी बोलीतल्या) चित्रपटांत आहे. म्हणून ही प्रश्नोत्तरं.

सेक किन म्हणजे नेमका कोण?

हाँगकाँगच्या कँटोनीज सिनेमातला सर्वांत नावाजलेला खलनायक. जन्म १ जानेवारी १९१३, मृत्यू ३ जून २००९. मूळ घराणं दक्षिण चीनमधल्या ग्वांगदोंग प्रांतातल्या पान्यूचं. खरं नाव सेक विंग-चेउंग. ‘सेक किन’ हे पडद्यावरचं नाव. साडेतीनशेहून अधिक चित्रपट त्याच्या नावावर आहेत. त्यातल्या बहुतेकांत तो कुणाला तरी छळतो, शेवटी मार खातो आणि पुढच्या चित्रपटात नव्या नावाने पुन्हा हजर होतो.

कुठे ‘शी किएन’, कुठे ‘सेक किन’. ही दोन माणसं आहेत का?

माणूस एकच. पहिला उच्चार मँडरिनच्या, म्हणजे प्रमाण चिनी भाषेच्या वळणाचा, दुसरा कँटोनीजचा. ‘एंटर द ड्रॅगन’च्या श्रेयनामावलीत पहिलं रूप आहे, म्हणून जगभर तेच रुळलं. तो ज्या भाषेत आयुष्यभर बोलला आणि ज्या भाषेत त्याने काम केलं, त्या भाषेतलं रूप मी वापरतो.

तो सिनेमात आला कसा?

रंगभूषेच्या खोलीतून. १९३९-४०च्या सुमारास तो मेकअप शिकण्यासाठी स्टुडिओत लागला आणि १९४० साली पडद्यावर दिसला. पहिली भूमिका होती जपानी गुप्तहेराची. चीन-जपान युद्ध पेटलेलं होतं, ग्वांगजौ शहर १९३८ सालीच जपान्यांच्या ताब्यात गेलं होतं आणि तिथले निर्वासित हाँगकाँगमध्ये येऊन पडले होते. अशा प्रेक्षकांसमोर जपानी हेर म्हणून उभं राहायचं, म्हणजे पहिल्याच दिवसापासून थिएटरभर शिव्या खायची तयारी हवी. पुढच्या कारकिर्दीची दिशा तिथेच ठरली म्हणायला हरकत नाही.

१९४१च्या नाताळात हाँगकाँग पडलं आणि १९४५पर्यंत तिथली चित्रपटनिर्मिती जवळजवळ ठप्प झाली. त्याचं खऱ्या अर्थाने बस्तान बसलं ते युद्धानंतर.

त्याला खरंच कुंग फू येत होतं की नुसता अभिनय?

येत होतं, आणि चांगलंच. लहानपणी प्रकृती तोळामासा, म्हणून व्यायामाला लावलं, ही अनेक पैलवानांची असते तशीच त्याचीही गोष्ट. चिन वू या संस्थेत त्याने सुमारे नऊ वर्षं शिक्षण घेतलं आणि शिकवण्याची पात्रताही मिळवली. चिन वूची स्थापना १९१०च्या सुमारास शांघायमध्ये झाली, पुढे दक्षिणेत शाखा निघाल्या. ब्रूस लीचा ‘फिस्ट ऑफ फ्युरी’ पाहिला असेल तर हे नाव ओळखीचं वाटेल. त्या चित्रपटात ज्या शाळेच्या गुरूचा खून होतो, ती हीच.

चिन वूचं वैशिष्ट्य असं की तिथे एकाच घराण्याला चिकटून राहत नसत. उत्तरेकडच्या अनेक शैली एका छताखाली शिकवल्या जात. सेक किनला त्यातली गरुडपंजा शैली येत होती. पुढे १९७३ साली त्याच्या हातावर खोटे लोखंडी पंजे चढले तेव्हा ही जुनी तालीम कुणाच्या डोक्यात होती का, हा माझा आपला एक आवडता तर्क.

वोंग फेई-हुंगची मालिका म्हणजे काय? सगळे तिचंच नाव का घेतात?

कारण तिच्याशिवाय सेक किन कळत नाही.

वोंग फेई-हुंग हा खराखुरा माणूस. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यात फोशान परिसरात जन्मलेला, ग्वांगजौमध्ये ‘पो ची लाम’ नावाचा दवाखाना चालवणारा वैद्य आणि हुंग घराण्याचा कुंग फू उस्ताद. १९२०च्या दशकात तो वारला. त्याच्या शिष्यांचे शिष्य हाँगकाँगमध्ये होते. त्याच परंपरेतला चू यू-चाय हा लेखक वर्तमानपत्रांतून त्याच्या कथा लिहायचा. दिग्दर्शक वू पांगने त्या कथांवर चित्रपट काढायचं ठरवलं आणि १९४९ साली पहिले दोन भाग आले.

नायक होता क्वान ताक-हिंग, १९०५ सालचा जन्म, कँटोनीज ऑपेरातला मोठा नट. युद्धकाळात त्याने नाटकांचे दौरे करून देशासाठी निधी जमवला होता, त्यामुळे त्याच्याभोवती आधीच आदराचं वलय होतं. समोर खलनायक म्हणून सेक किन. ही जोडी पुढची वीस वर्षं टिकली. क्वानने वोंगची भूमिका सत्तरहून अधिक चित्रपटांत केली. एकट्या १९५६ या वर्षात या मालिकेचे २५ चित्रपट बनले. म्हणजे सरासरी दर पंधरवड्याला एक. आणि त्यांतल्या बहुसंख्य चित्रपटांत मार खायला हाच गडी.

जॅकी चॅनचा १९७८चा ‘ड्रंकन मास्टर’ आणि जेट लीचा १९९१चा ‘वन्स अपॉन अ टाइम इन चायना’ यांतला नायकही हाच वोंग फेई-हुंग. आपल्याकडे बहुतेकांची त्याच्याशी ओळख या दोघांमुळे झाली, पण तिथल्या जुन्या पिढीसाठी वोंग म्हणजे क्वान ताक-हिंग, बाकी सगळे नंतरचे.

तोच नायक, तोच खलनायक, दर पंधरवड्याला. लोक कंटाळले कसे नाहीत?

मला सर्वांत आवडणारा प्रश्न हा.

क्वानचा वोंग फेई-हुंग भांडखोर नव्हता. तो मास्तर होता. शिष्य गरम डोक्याचे. ते बाजारात कुणाशी तरी भांडून येणार, मास्तर त्यांनाच झापणार, मग समोरच्याकडे जाऊन हात जोडून माफी मागणार. समोरचा ती माफी धुडकावणार. मास्तर पुन्हा सोसणार. चित्रपटाचा अर्धाअधिक वेळ असा संयमात जातो. आता हे नाटक उभं राहायचं तर समोर असा माणूस हवा, ज्याच्यावर संयम दाखवणं प्रेक्षकाला असह्य व्हावं. नायक जितका शांत, तितका खलनायकाने प्रेक्षकाचा अंत पाहायला हवा. ते काम सेक किनचं होतं, आणि गोष्टीचा सगळा भार त्याच्यावर होता. क्वानने हात उचलण्याआधी थिएटरातल्या प्रत्येकाला वाटायला हवं की ‘आता पुरे, हाण त्याला!’ ही वाट पाहायला लावणं सेक किनला अचूक जमायचं.

तो हे करायचा कसं? आरडाओरडा फारसा नाही. तिरक्या भुवया, बारीक मिशी, मान न वळवता डोळ्यांच्या कोपऱ्यातून पाहणं. आणि ते हसू. घशातून सुरू होऊन तोंडाशी येईपर्यंत ज्याचा उपहास झालेला असतो, असं हसू. समोरचा माणूस वाकून नमस्कार करत असताना हा नमस्कार परत करायला अर्धा क्षण उशीर करतो; तेवढ्या उशिरात अपमान पूर्ण झालेला असतो.

दुसरं असं की शेवटी बऱ्याचदा खलनायक मरत नाही. मास्तर त्याला हरवतो, उपदेश करतो, तो खाली मान घालतो, पश्चात्ताप करतो. म्हणजे गेल्या आठवड्यात सुधारलेला माणूस या आठवड्यात पुन्हा कुणाची तरी मुलगी पळवतोय! प्रेक्षकांना यात काही खटकत नसे. पात्राचं नाव बदललेलं असायचं, पण सगळे त्याला ‘दुष्ट किन’ म्हणूनच ओळखायचे. हे टोपणनाव त्याला आयुष्यभर चिकटलं. आपल्याकडे निळू फुले यांचं जे झालं, पडद्यावरच्या पाटलाची बदनामी भल्या माणसाच्या दारापर्यंत आली, त्याच जातीचं हे यश.

एवढे चित्रपट इतक्या वेगाने बनायचे कसे?

स्वस्तात आणि घाईत. त्या काळी अशा चित्रपटांना ‘सात दिवसांचे ताजे’ म्हणत, कारण चित्रीकरण आठवड्याभरात आटोपायचं. सेट तेच, कपडे तेच, बाजाराची गल्ली तीच. पैसा बराचसा बाहेरून यायचा: सिंगापूर, मलाया, व्हिएतनाम, अमेरिकेतल्या चिनी वस्त्या अशा ठिकाणचे वितरक नटांची नावं बघून आगाऊ रक्कम देत. त्यामुळे ठरावीक चेहरे पडद्यावर असणं ही व्यापाराची गरज होती. पोस्टरवर क्वान आणि सेक किन दोघे असले की सायगावमधल्या थिएटरवाल्याला माल ओळखीचा वाटायचा.

नटाच्या बाजूने पाहिलं तर याचा अर्थ सकाळी एका सेटवर आणि रात्री दुसऱ्या सेटवर. संहिता हातात पडायला उशीर, रिटेकला फिल्म परवडत नाही. अशा कारखान्यात टिकलेला नट पहिल्याच टेकला काम देणारा असावाच लागतो.

त्या मारामाऱ्या आज मंद वाटतात. आपण काही चुकीचं पाहतोय का?

थोडं डोळ्यांना वळण लावावं लागतं. आजचा मारामारीचा प्रसंग संपादनाच्या टेबलावर तयार होतो: ठोसा एका शॉटमध्ये, चेहरा दुसऱ्यात, पडणं तिसऱ्यात. १९५०च्या दशकात कॅमेरा लांब उभा असायचा, दोघे डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत दिसायचे आणि एका शॉटमध्ये दहा-पंधरा हात सलग चालायचे. चूक झाली तर ती दिसणार, लपवायला जागाच नाही.

त्याआधी कँटोनीज चित्रपटांत हाणामारी म्हणजे ऑपेराच्या रंगमंचावरची नाचरी लढाई असायची. वोंग मालिकेने खऱ्या दक्षिणी शैली पडद्यावर आणल्या, कारण माणसंच त्या घराण्यातली होती. लाऊ चाम हा नट वोंगचा शिष्य लाम साय-विंग याच्याकडे शिकलेला; या मालिकेत तो स्वतःच्या गुरूचीच भूमिका करायचा. त्याचा मुलगा लाऊ कार-लिऊंग याच सेट्सवर वाढला आणि पुढे शॉ ब्रदर्स या हाँगकाँगच्या बड्या चित्रपटसंस्थेचा बिनीचा मारामारी-दिग्दर्शक झाला. ‘ड्रंकन मास्टर’मधला लाल नाकाचा दारुडा गुरू आठवतो? तो युएन सिऊ-तिन, तोही याच सेट्सवरचा. त्याचा मुलगा युएन वू-पिंग याने पुढे ‘द मेट्रिक्स’च्या मारामाऱ्या बसवल्या. हॉलिवूडच्या त्या हवेतल्या लाथांचं मूळ शोधत मागे गेलं तर वाटेत सेक किन मार खाताना भेटतो.

तो फक्त याच मालिकेत होता का?

छे. १९६०च्या दशकात कँटोनीज सिनेमात तलवारबाज आणि चमत्कारी शक्तींच्या चित्रपटांची लाट आली. तळहातातून निघणारा ‘तेजाचा झोत’ तेव्हा फिल्मवर हाताने काढायचे. दाढी-जटा लावलेले दुष्ट महंत, विषारी पंथांचे प्रमुख, सरदार, डाकू असल्या भूमिका ठरलेल्या. शहरी कौटुंबिक आणि गुन्हेगारी चित्रपटांतही तो असायचा. यातले बरेच चित्रपट सामान्य आहेत, हे प्रेमापोटी लपवण्यात अर्थ नाही.

मग हा सगळा सिनेमा बंद का पडला?

तीन घाव जवळजवळ एकदम बसले. शॉ ब्रदर्स मँडरिन भाषेत रंगीत, मोठ्या पडद्याचे, रक्तरंजित तलवारपट काढू लागले. ‘वन-आर्म्ड स्वोर्ड्समन’ १९६७ सालचा. त्यापुढे कृष्णधवल कँटोनीज चित्रपट जुनाट दिसू लागले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये हाँगकाँगला टीव्हीबी ही मोफत दूरचित्रवाहिनी सुरू झाली आणि घरबसल्या कँटोनीज करमणूक मिळू लागली. आणि तिसरं, वर्षानुवर्षं स्वस्त माल काढून निर्मात्यांनी आपला प्रेक्षक स्वतःच थकवला होता. १९७०च्या दशकाच्या सुरुवातीला कँटोनीज चित्रपटनिर्मिती अक्षरशः शून्यावर आली. ज्या शहरात बहुसंख्य लोक कँटोनीज बोलतात, तिथे ही अवस्था.

साठीला आलेल्या खलनायकाने अशा वेळी काय करायचं? सेक किनने मँडरिन चित्रपट केले, दूरचित्रवाणी केली, आणि मग एका अमेरिकी चित्रपटाचं काम आलं.

‘एंटर द ड्रॅगन’मध्ये आवाज त्याचाच आहे का?

नाही. त्याला इंग्रजी फारसं येत नव्हतं. हानचा तो धीम्या लयीतला, घोटीव आवाज ‘की ल्यूक’ या अमेरिकी नटाचा. चार्ली चॅन या चिनी गुप्तहेराच्या चित्रपटांतला ‘पहिला मुलगा’ आणि ‘कुंग फू’ या मालिकेतला अंध मास्टर पो तो हाच. गंमत अशी की ल्यूकचा जन्म ग्वांगजौचा, १९०४ सालचा. बालपण गेलं सिअ‍ॅटलला.

म्हणजे जगाला जो सेक किन माहीत आहे, तो अर्धा सेक किन आहे. ते हसू, ती कँटोनीज बोलताना शब्द दातांत धरून ठेवण्याची लकब, सगळं गळून पडलं. उरला चेहरा आणि शरीर. तरीही हान लक्षात राहतो यावरून काय ते समजा.

ब्रूस लीसमोर साठ वर्षांचा माणूस का उभा केला?

चित्रीकरण १९७३च्या सुरुवातीला हाँगकाँगमध्ये झालं. ब्रूस ली ३२ वर्षांचा, सेक किन नुकताच साठीत पोचलेला. बाहेरच्या प्रेक्षकाला ही जोडी विजोड वाटते आणि ती तक्रार मला पटते: जगातला सर्वांत चपळ माणूस एका आजोबांना मारतोय, यात थरार कुठला?

पण हाँगकाँगच्या प्रेक्षकाच्या नजरेने पाहा. ब्रूस लीचे वडील ली होय-च्युएन कँटोनीज ऑपेरा आणि चित्रपटांतले प्रसिद्ध विनोदी नट. ब्रूस स्वतः लहानपणी कँटोनीज चित्रपटांत कामं करत मोठा झाला. त्याच्या पिढीच्या मुलांसाठी खलनायक या शब्दाला एकच चेहरा होता. तो चेहरा शेवटच्या लढाईत समोर असणं म्हणजे जुन्या कँटोनीज सिनेमाला नव्या मारामारीने दिलेलं आव्हानच. अमेरिकी दिग्दर्शक रॉबर्ट क्लाउजला जेम्स बाँडच्या पठडीतला बेटावरचा सैतान हवा होता. मांजर, धातूचा हात, संगमरवरी दालनं, सगळा मसाला तिथला. स्थानिक प्रेक्षकाला मात्र त्या कपड्यांच्या आत ‘दुष्ट किन’ दिसला असणार.

शेवटची लढाई होते ती आरशांची खोली पुन्हा एकदा सावकाश पाहा. वयाचा प्रश्न तिथे हुशारीने सोडवलाय. उघड्या मैदानात हान टिकला नसता. आरशांत तो दिसतो, पण असतो दुसरीकडेच. त्याला वेगाची गरज उरत नाही. तो फक्त सरकतो, थांबतो, पाहतो आणि एकेक ओरखडा काढतो. वीस वर्षं प्रेक्षकाचा अंत पाहणाऱ्या नटासाठी यापेक्षा चांगली जागा मिळाली नसती. ब्रूस ली आरसे फोडू लागतो, आणि फिरत्या भिंतीतून आरपार गेलेल्या भाल्यावर हान अडकतो. या वेळी उपदेश नाही, माफी नाही.

जाता जाता: त्या वर्षी हाँगकाँगमध्ये ‘एंटर द ड्रॅगन’पेक्षा जास्त धंदा केला तो ‘द हाउस ऑफ सेव्हंटी-टू टेनंट्स’ या चाळीतल्या बिऱ्हाडांवरच्या कँटोनीज विनोदी चित्रपटाने. मेलेली म्हणून सोडून दिलेली भाषा पडद्यावर परत आली ती तिथून.

त्याने कधी भला माणूस साकारलाच नाही?

साकारला, आणि मजेत. जॅकी चॅनच्या १९८०च्या ‘द यंग मास्टर’मध्ये तो गावचा पोलीस प्रमुख आहे. युएन बियाओ हा नट त्यात त्याचा मुलगा झालाय. आरोपी पकडायला निघालेला हा म्हातारा कर्तबगार आहे आणि तितकाच फसवला जाणाराही. ६७ वर्षांचा माणूस विनोदाची वेळ किती अचूक साधतो ते तिथे पाहा.

त्याआधी १९७६ साली हुई बंधू या विनोदवीरांच्या ‘द प्रायव्हेट आइज’मध्ये तो टोळीचा म्होरक्या होता. ही टोळी चक्क एक चित्रपटगृह लुटते, आत बसलेल्या प्रेक्षकांसकट. म्हटलं तर जुनीच भूमिका, पण आता सगळ्यांना, त्यालाही, तिच्यातली गंमत कळलेली आहे.

शेवटची वर्षं कशी गेली?

१९९०च्या दशकात तो निवृत्त झाला. क्वान ताक-हिंग १९९६ साली गेला, मालिकेत वोंगच्या शिष्याची भूमिका करणारा त्सो तात-वा २००७ साली. सेक किन मूत्रपिंडाच्या विकाराने गेला तेव्हा ९६ वर्षांचा होता. पडद्यावर कायम आधी पडणारा माणूस प्रत्यक्षात या तिघांत शेवटी गेला.

आज हे चित्रपट पाहायला मिळतात का? सुरुवात कुठून करू?

वोंग मालिकेतले बरेच चित्रपट कायमचे हरवले. कामापुरत्या प्रती काढायच्या, त्या झिजेपर्यंत चालवायच्या आणि टाकून द्यायच्या, असा तो धंदा होता. जे उरले ते जपण्याचं काम हाँगकाँग फिल्म आर्काइव्ह करतं. सायवान हो भागातली त्यांची इमारत २००१ साली सुरू झाली. काही चित्रपट इंटरनेटवर सापडतात, बरेचदा उपशीर्षकांशिवाय आणि धूसर प्रतीत. उपशीर्षकं नसली तरी अडत नाही, कोण कुणाचा अपमान करतोय हे नीट कळतं.

क्रम माझ्या मते असा ठेवा: आधी ‘द यंग मास्टर’, म्हणजे माणूस आवडेल. मग वोंग मालिकेतला १९५०च्या दशकातला जो सापडेल तो, आणि घाई न करता. पहिला अर्धा तास कुणी कुणाला हात लावणार नाही. ‘एंटर द ड्रॅगन’ सर्वांत शेवटी पाहा. कँटोनीजमध्ये डब केलेली प्रत मिळाली तर उत्तमच, नाहीतर आरशांच्या खोलीत आवाज बंद करून नुसता त्याच्या डोळ्यांकडे बघा.